मेहेरबाईंचं टेनिस

"टाटाला नेलंय" हे शब्द लातूर-नांदेडकडे कोणी उच्चारले की पुढचं काही विचारावं लागत नाही. ऐकणारा नुसता "अरेरे" म्हणतो आणि पैशाची काही सोय लागते का ते विचारतो. लातूर एक्स्प्रेसने नाही तर देवगिरीने रात्रभर बसून मुंबई गाठायची, सकाळी परळला उतरायचं, फाईल काढायची, रांगेत उभं राहायचं. आपल्या बॅचमधल्या बहुतेकांच्या घरात किंवा शेजारी हे कधी ना कधी घडलेलं आहे. पण त्या दवाखान्याच्या जन्मामागे एका बाईचा आजार आहे आणि ती बाई साडी नेसून टेनिस खेळायची, हे मलासुद्धा चाळिशी ओलांडल्यावर कळलं.

स्मरणिकेसाठी मला "तू आयटीत आहेस, तर एआयवर लिही" असा निरोप आला होता. त्या विषयावर लिहिणारे आपल्यात आणखी चौघे आहेत, आणि दहा वर्षांनी स्मरणिका उघडली तर तो लेख गेल्या सालच्या पंचांगासारखा वाटेल. म्हणून मी इतिहास घेतला. शाळेत इतिहास म्हणजे सनावळ्या आणि "कारणे द्या" एवढंच होतं. त्या सनावळ्यांमध्ये बायका फार कमी होत्या आणि खेळणाऱ्या बायका तर नव्हत्याच. म्हणून हा लेख एका खेळणाऱ्या बाईवर.

आज आपण ज्याला टेनिस म्हणतो, तो हिरवळीवरचा खेळ इंग्लंडमध्ये वॉल्टर विंगफिल्ड नावाच्या निवृत्त लष्करी अधिकाऱ्याने १८७४ मध्ये पेटंट घेऊन बाजारात आणला. जाळी, चेंडू, रॅकेट आणि नियमांचं पुस्तक असा सगळा संच पेटीत मिळायचा. बंगल्यासमोरच्या हिरवळीवर जाळी लावायची आणि चहाच्या वेळी खेळायचं. घराच्या अंगणातला खेळ असल्यामुळे बायकांनाही तो खेळता आला. क्रिकेट-फुटबॉलपेक्षा टेनिसमध्ये बायका लवकर दिसू लागल्या त्या यामुळेच. १८७९ मध्ये डब्लिनला झालेल्या आयरिश अजिंक्यपद स्पर्धेत महिलांसाठी वेगळा गट होता. विम्बल्डनची स्पर्धा १८७७ पासून चालू होती, पण तिथे महिलांना यायला १८८४ साल उजाडलं. त्या वर्षी तेरा जणी उतरल्या. अंतिम सामना दोन सख्ख्या बहिणींमध्ये झाला आणि मॉड वॉटसनने आपली थोरली बहीण लिलियन हिला हरवलं. बक्षीस म्हणून तिला फुलं ठेवायची चांदीची परडी मिळाली. त्या पहिल्या सामन्यानंतर पुरुष आणि महिला विजेत्यांना विम्बल्डनमध्ये सारखी रक्कम मिळायला २००७ पर्यंत थांबावं लागलं. म्हणजे १२३ वर्षं.

या बायका खेळायच्या कशा, हे समजून घ्यायचं तर त्यांचे कपडे पाहावेत. जमिनीपर्यंत झगा, त्याखाली परकरांचे थर, कंबर आवळणारी कॉर्सेट, पायमोजे आणि डोक्यावर टोपी. एवढं अंगावर घेऊन धावायचं म्हणजे कसरतच. लॉटी डॉड नावाच्या मुलीने १८८७ मध्ये विम्बल्डन जिंकलं तेव्हा ती पंधरा वर्षांची होती. वयाने लहान असल्यामुळे तिला शाळकरी मुलीचा आखूड झगा चालत होता आणि त्यामुळे तिला इतर बायकांपेक्षा मोकळेपणाने पळता यायचं. तिने पुढे ती स्पर्धा एकूण पाच वेळा जिंकली. नंतर गोल्फमध्ये ब्रिटिश विजेतेपद मिळवलं आणि १९०८ च्या ऑलिम्पिकमध्ये तिरंदाजीत रौप्यपदक घेतलं. बाईने खेळताना काय घालावं ही चर्चा मात्र तिथे थांबली नाही. २००५ मध्ये आपल्या शेजारच्या हैदराबादची सानिया मिर्झा मोठ्या स्पर्धांत झळकू लागली, तेव्हा तिच्या फोरहँडइतकीच तिच्या स्कर्टचीही चर्चा झाली, हे आपण सगळ्यांनी टीव्हीवर पाहिलं आहे.

आता हेच १८८४ साल आपल्याकडे काय होतं ते पाहू. त्या वर्षी पुण्यात हुजूरपागेत मुलींची माध्यमिक शाळा सुरू झाली. त्याच वर्षी मुंबईत दादाजी भिकाजीने रखमाबाईवर खटला भरला. बालपणी लग्न लावलेल्या नवऱ्याकडे नांदायला जाणार नाही, असं ती म्हणत होती. याच काळात आनंदीबाई जोशी अमेरिकेत फिलाडेल्फियाला वैद्यकीच्या वर्गात बसत होत्या. शाळेत जावं का, नांदायला जावं का, समुद्र ओलांडावा का, हे त्या वेळचे आपल्या बायकांपुढचे प्रश्न होते.

मराठवाडा तर निजामाच्या राज्यात होता. नांदेडला रेल्वे आली तीच मुळी १९०० च्या सुमारास, मनमाड-सिकंदराबाद मार्ग झाला तेव्हा. लातूरला बार्शी लाइट रेल्वेची छोटी गाडी १९११ मध्ये पोचली. त्यातच १८९९-१९०० च्या दुष्काळाने सगळा मुलूख होरपळला होता. आपल्या पणज्या तेव्हा पाण्यासाठी आणि मूठभर धान्यासाठी वणवण करत होत्या. व्हिक्टोरिया राणीचा काळ म्हटलं की डोळ्यांपुढे झगे आणि बग्ग्या येतात, पण त्याच काळाचं आपल्याकडचं चित्र हे आहे. ते बाजूला ठेवून मेहेरबाईंची गोष्ट सांगितली तर ती अर्धवट होईल.

मेहेरबाईंचा जन्म १८७९ चा, म्हणजे डब्लिनच्या त्या स्पर्धेच्या वर्षातला. वडील होरमसजी भाभा म्हैसूर संस्थानात शिक्षण खात्याचे प्रमुख होते. आपण विज्ञानाच्या पुस्तकात वाचलेले अणुशास्त्रज्ञ डॉ. होमी भाभा हे मेहेरबाईंचे भाचे, त्यांच्या भावाचे चिरंजीव. घरात पुस्तकं होती, वडील शिकवणारे होते आणि मुलीला शिकवावं की नाही हा प्रश्नच तिथे नव्हता. त्या पियानोही चांगला वाजवत.

१८९८ च्या फेब्रुवारीत त्यांचं लग्न जमशेदजी टाटांचे थोरले चिरंजीव दोराबजी यांच्याशी झालं. दोराबजी वयाने वीस वर्षांनी मोठे होते. ते इंग्लंडला केंब्रिजमध्ये शिकलेले आणि खेळाचे भलतेच शौकीन. त्या काळात श्रीमंत घरातही सुनेने चारचौघांत घाम गाळणं कोणाला रुचलं नसतं. दोराबजींनी मात्र बायकोच्या खेळाला मनापासून पाठिंबा दिला. मेहेरबाई घोड्यावर बसत, मोटार चालवत आणि टेनिसच्या स्पर्धांत उतरत. निरनिराळ्या स्पर्धांमध्ये त्यांनी साठाहून अधिक बक्षिसं मिळवली. पश्चिम भारत टेनिस स्पर्धेत तर एकेरी, दुहेरी आणि मिश्र दुहेरी अशी तिन्ही विजेतेपदं त्यांच्या नावावर लागली.

हे सगळं त्यांनी साडीत केलं. पारशी पद्धतीची साडी, पदर उजव्या खांद्यावरून पुढे आलेला, लांब बाह्यांचं पोलकं आणि हातात रॅकेट. परदेशात खेळतानाही त्यांनी हा वेश सोडला नाही. मला आधी वाटलं की सक्ती असेल. पण त्यांचं एकूण आयुष्य वाचल्यावर ते पटत नाही. कोणी सक्ती करावी असा त्यांचा स्वभावही नव्हता आणि घरही. माझा अंदाज वेगळा आहे. झग्यात खेळणाऱ्या बाईला आपल्याकडच्या लोकांनी "मेमसाहेब झाली" म्हणून मोडीत काढलं असतं. साडीतल्या बाईला तसं म्हणता येत नव्हतं. आपली बाई आपल्या वेशात जिंकते, हे पाहणाऱ्याला नाकारता येत नव्हतं. गैरसोय झाली असणार, पण त्या गैरसोयीतून त्यांनी मैदानावर उभं राहायचा हक्क कमावला. हा माझा तर्क आहे, इतिहासाचा दाखला नव्हे.

दोराबजींचं खेळप्रेम घरापुरतं नव्हतं. १९१९ मध्ये पुण्याच्या डेक्कन जिमखान्याच्या क्रीडा मेळाव्याला ते अध्यक्ष म्हणून गेले. तिथे शेतकऱ्यांची पोरं अनवाणी धावताना त्यांनी पाहिली. धावण्याची पद्धत ठाऊक नाही, पायात काही नाही, तरी वेळ मात्र परदेशी धावपटूंच्या जवळ जाणारी. त्यातून १९२० च्या अँटवर्प ऑलिम्पिकला भारताचा संघ पाठवायचं ठरलं आणि दोराबजींनी त्यासाठी खिशातून पैसे घातले. बेळगावकडचा फडेप्पा चौगुले त्या संघातून मॅरेथॉन धावला. त्या संघात बाई नव्हती. चार वर्षांनी, १९२४ च्या पॅरिस ऑलिम्पिकमध्ये टेनिसच्या मिश्र दुहेरीत महंमद स्लीम यांच्या जोडीला मेहेरबाई टाटांचं नाव लागलं. महिला एकेरीत नोरा पॉली होत्या. ऑलिम्पिकच्या नोंदीत भारताच्या बाजूने बायकांची नावं आली ती तेव्हा. मेहेरबाई त्या वेळी ४४ वर्षांच्या होत्या. आपण सगळे आज साधारण त्याच वयाचे आहोत आणि जिना चढताना मध्येच थांबतो, म्हणून मुद्दाम सांगितलं.

याच १९२४ मध्ये घरावर मोठं संकट आलं. जमशेदपूरच्या पोलाद कारखान्याकडे कामगारांचे पगार द्यायलाही पैसे नव्हते. दोराबजींनी आपली सगळी खासगी मालमत्ता बँकेकडे तारण ठेवली. त्यात मेहेरबाईंचा ज्युबिली हिराही गेला. व्हिक्टोरिया राणीच्या राज्यारोहणाला साठ वर्षं झाली तेव्हाच्या सोहळ्यावरून त्याला हे नाव मिळालं होतं. वजन सुमारे २४५ कॅरेट, म्हणजे कोहिनूरच्या दुपटीहून जास्त. एक कोटीचं कर्ज मिळालं आणि कारखाना वाचला. मेहेरबाईंबद्दल आज व्हॉट्सॲपवर जे काही फिरतं ते या हिऱ्याबद्दलच असतं. टेनिस त्यात कुठे नसतं.

मैदानाबाहेरही त्यांचं काम मोठं होतं. १९२५ मध्ये उभ्या राहिलेल्या राष्ट्रीय महिला परिषदेच्या संस्थापकांत त्या होत्या. १९२७ मध्ये अमेरिकेत मिशिगनमधल्या बॅटल क्रीक इथे त्यांनी बालविवाहाविरुद्धच्या विधेयकाची बाजू मांडली. तेच विधेयक १९२९ मध्ये शारदा कायदा म्हणून मंजूर झालं. मुलीचं लग्नाचं वय किमान चौदा ठरलं. हा कायदा ब्रिटिश हिंदुस्थानापुरता होता. निजामाच्या राज्यात, म्हणजे आपल्याकडे, तो लागू नव्हता. माझ्या आजीच्या पिढीतल्या बायका नवव्या-दहाव्या वर्षी बोहल्यावर का चढल्या, याचं एक उत्तर या सरहद्दीत आहे.

जून १९३१ मध्ये मेहेरबाई वेल्समधल्या एका रुग्णालयात रक्ताच्या कर्करोगाने वारल्या. उपचारासाठी परदेशी जावं लागलं, कारण आपल्याकडे तशी सोयच नव्हती. दोराबजींनी त्यांच्या नावाने 'लेडी टाटा मेमोरियल ट्रस्ट' काढला. रक्ताच्या कर्करोगावरच्या संशोधनाला तो आजही पैसा देतो. पुढच्याच वर्षी दोराबजीही गेले. त्यांच्या ट्रस्टने १९४१ मध्ये परळला कर्करोगाचं रुग्णालय उभं केलं. तो ज्युबिली हिराही १९३७ मध्ये विकला गेला आणि पैसे त्याच ट्रस्टकडे आले. आपण "टाटा" म्हणतो ते हे.

रुग्णालय कळलं, हिरा कळला, तरी खेळाडू मेहेरबाई का विसरल्या गेल्या? यावर विचार करताना मला आणखी दोन बायका सापडल्या. त्या दोघी आई-लेकी आणि मराठी.

आईचं नाव क्षमा. जन्म १८९० चा, म्हणजे तोही व्हिक्टोरिया राणीच्या राजवटीतलाच. वडील शंकर पांडुरंग पंडित हे मोठे संस्कृत विद्वान. सायणभाष्यासह अथर्ववेदाचं संपादन त्यांनी केलं. १८६९ मध्ये छापलेल्या तुकारामांच्या गाथेच्या प्रसिद्ध आवृत्तीतही त्यांचा हात होता. १८९४ मध्ये ते वारले तेव्हा क्षमा अगदी लहान होती. पुढे मुंबईच्या डॉ. राघवेंद्र राव यांच्याशी तिचं लग्न झालं. या क्षमाबाई राव १९२० च्या दशकात मुंबईत टेनिसपटू म्हणून ओळखल्या जात. आणि याच बाईंनी पुढे संस्कृतात ग्रंथांमागून ग्रंथ लिहिले. गांधीजींच्या सत्याग्रहावर गीतेच्या धर्तीवर 'सत्याग्रहगीता' लिहिली, ती १९३२ मध्ये पॅरिसला छापली गेली. तुकाराम, रामदास आणि ज्ञानेश्वर यांची चरित्रं त्यांनी संस्कृत श्लोकांत रचली. रामदास आपल्या जांबचे, ज्ञानेश्वर आपेगावचे. म्हणजे मराठवाड्याच्या मातीतल्या दोन संतांची चरित्रं या टेनिस खेळणाऱ्या बाईने लिहिली. ज्यांचा सहवास फारसा मिळालाच नाही त्या वडिलांचंही चरित्र त्यांनी १९३९ मध्ये पद्यात लिहिलं. विद्वानांनी त्यांना 'पंडिता' ही पदवी दिली.

लेक लीला १९११ ची. आईच्या हाताखाली तिचं संस्कृत तयार झालं आणि टेनिसही. १९३१ पासून १९४३ पर्यंत तिने अखिल भारतीय स्पर्धेचं एकेरीचं विजेतेपद अनेकदा जिंकलं. १९३४ मध्ये ती विम्बल्डनला गेली आणि पहिल्या फेरीत ग्लॅडिस साउथवेल हिला हरवलं. विम्बल्डनमध्ये सामना जिंकणारी पहिली भारतीय महिला ती हीच. दुसऱ्या फेरीत फ्रान्सच्या इडा अदामॉफने तिला हरवलं. पुढच्या वर्षी ती पुन्हा गेली, पण पहिल्याच फेरीत बाद झाली. नंतर सनदी अधिकारी हरीश्वर दयाळ यांच्याशी तिचं लग्न झालं. भारतीय नृत्यावर तिने पुस्तकं लिहिली आणि आईच्या कथांची संस्कृत नाटकं केली.

मी दिवसभर जे काम करते त्यात एक साधा नियम आहे. प्रत्येक नोंदीला एक कायमची ओळख द्यायची, आणि ती कधीही बदलायची नाही. बदलली की जुनी माहिती तशीच असते, कुठे पुसली जात नाही, पण ती नव्या नावाला जोडता येत नाही. दोन तुकडे वेगळे पडतात आणि ते एकाच माणसाचे आहेत हे कोणाला कळत नाही. या तिघींचं नेमकं हेच झालं. मेहेरबाई भाभाची मिसेस टाटा झाली आणि नवऱ्याला 'सर' किताब मिळाल्यावर लेडी टाटा. क्षमा पंडितची मिसेस राव झाली, ग्रंथांवर पंडिता क्षमा. लीला राव विम्बल्डनच्या कागदांत मिस राव, पुस्तकांवर लीला राव दयाळ. संस्कृतच्या अभ्यासकाला त्यांचं टेनिस माहीत नसतं आणि टेनिसच्या चाहत्याला संस्कृत. मेहेरबाईंच्या बाबतीत तर टाटा हे नाव इतकं मोठं की त्याच्या सावलीत त्यांची साठ बक्षिसं दिसेनाशी झाली.

हे मला इतकं जवळचं का वाटलं, ते या मेळाव्याच्या तयारीत असलेल्यांना कळेल. आपली यादी करायला घेतली तेव्हा मुलांची नावं आठवडाभरात जुळली. आडनाव तेच, गाव तेच, नाही तर भावकीतला कोणी तरी नंबर द्यायचा. मुलींची यादी करायला चार महिने लागले. शाळेच्या रजिस्टरमध्ये एक आडनाव, फेसबुकवर दुसरं. काही ठिकाणी लग्नात पहिलं नावही बदललेलं. एकीचा पत्ता तिच्या माहेरच्या किराणा दुकानदाराकडून मिळाला, तर एकीचा उदगीरच्या बसमध्ये योगायोगाने भेटलेल्या तिच्या नणंदेकडून. तिघींचा पत्ता अजून लागलेला नाही. आपल्याबरोबर दहा वर्षं एका बाकावर बसलेल्या मुली, त्यांचं असं होतं. मग शंभर वर्षांपूर्वीच्या खेळाडू बायकांचं काय?

आणि खेळाचं म्हणाल तर आपल्या वर्गातल्या मुली खेळत होत्या. खो-खोचा संघ तालुक्याला गेला होता, हे किती जणांना आठवतं? खांब रोवायला मुलांचं क्रिकेट संपायची वाट पाहावी लागायची, म्हणजे सराव दिवेलागणीच्या आत अर्धा तास. त्यातल्या दोघींचं खेळणं नववीत बंद झालं, कारण घरच्यांना पोरीने पळणं पसंत नव्हतं. संघाचा फोटो काढलेला कोणाला आठवत नाही. मुलांच्या क्रिकेट संघाचा फोटो मात्र आपण परवाच ग्रुपवर पाहिला.

ते मैदान एकदाच सगळ्यांचं झालेलं मी पाहिलं. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीचा भूकंप झाला. नंतरचे कित्येक दिवस लातुरात कोणी छपराखाली झोपायला धजत नव्हतं. आपल्या मैदानावर सतरंज्या अंथरून आसपासची घरंच्या घरं झोपायची. बाया, म्हाताऱ्या, पोरी, सगळे. त्या रात्रींची भीती आठवली की अजून पोटात गोळा येतो. पण मैदानावर कोणी कधी यायचं याचे नियम तेव्हा कोणी विचारले नाहीत, हेही मला आठवतं.

मेहेरबाईंना जे मिळालं ते साधं होतं. जवळ एक मैदान होतं, घरात "खेळ" म्हणणारी माणसं होती. क्षमाबाईंच्या लेकीला तर शिकवायला आईच होती. या गोष्टी फक्त मलबार हिलवर मिळतात असं आता राहिलेलं नाही. शेजारच्या उस्मानाबादची, म्हणजे आताच्या धाराशिवची, सारिका काळे खो-खोत भारताची कर्णधार झाली आणि तिला २०२० मध्ये अर्जुन पुरस्कार मिळाला. नांदेड जिल्ह्याची भाग्यश्री जाधव व्हीलचेअरवरून गोळा फेकते. २०२४ च्या पॅरिस पॅरालिम्पिकच्या उद्घाटनात भारताचा तिरंगा ज्या दोघांच्या हातात होता, त्यांत ती होती. मेहेरबाईंचं नाव ज्या पॅरिसमध्ये नोंदलं गेलं, त्याच पॅरिसमध्ये बरोबर शंभर वर्षांनी नांदेडची पोर झेंडा घेऊन पुढे होती. या दोन घटना कोणी जोडून सांगितल्या नाहीत, म्हणून मी इथे लिहून ठेवते.

शेवटी एक विनंती केली होती आणि संपादक मंडळाने ती मान्य केली, त्याबद्दल आभार. या स्मरणिकेच्या शेवटी आपल्या बॅचची जी यादी आहे, तिच्यात प्रत्येक मुलीचं शाळेतलं नाव आधी आणि आताचं नाव नंतर छापलं आहे. खो-खोच्या संघात जी होती तिच्या नावापुढे तसं लिहिलं आहे. ज्या तिघींचा पत्ता लागला नाही त्यांची नावं रजिस्टरमध्ये होती तशीच ठेवली आहेत आणि पुढची जागा मोकळी सोडली आहे. कोणाला काही कळलं तर पेनाने तिथे लिहा, आणि ग्रुपवरही कळवा.